मिठाला पाणी सुटतं तेव्हा : शाळेचं तळघर, ओल आणि डीह्युमिडिफायरची निवड



दहावीच्या विज्ञान भाग १ मध्ये 'उष्णता' प्रकरणात निरपेक्ष आर्द्रता, सापेक्ष आर्द्रता आणि दवबिंदू तापमान या तीन गोष्टी येतात. मुलं व्याख्या पाठ करतात, एखादं गणित सोडवतात आणि पुढे जातात. मीही बरीच वर्षं तसंच शिकवत आलो. गेल्या दोन पावसाळ्यांत मात्र याच तीन व्याख्यांनी आमच्या शाळेचे पैसे आधी बुडवले आणि मग वाचवले. तो अनुभव आणि त्यातून तयार झालेला पाठ इथे मांडतो. घरात, सोसायटीत किंवा शाळेत ओलीची खोली असेल आणि डीह्युमिडिफायर घ्यायचा विचार चालू असेल, तर पालकांनाही याचा उपयोग व्हावा.

आमची शाळा कोकणात, डोंगराच्या उतारावर आहे. समोरून दोन मजले दिसतात, मागून एकच. खालच्या मजल्यावरची एक खोली मागच्या बाजूने अर्धी जमिनीत गेलेली आहे. तिला आम्ही सगळे 'तळघर' म्हणतो. भिंती जांभ्याच्या. वरचे सगळे वर्ग भरलेले, त्यामुळे ग्रंथालयाची पुस्तकं आणि जुनं दप्तर याच खोलीत. पुस्तकं साधारण चार हजार, आणि एका लोखंडी कपाटात जनरल रजिस्टरं, त्यातली काही स्वातंत्र्याच्या आधीची.

पुस्तक खराब झालं तर वाईट वाटतं, पण बहुतेकदा ते पुन्हा मिळतं. जनरल रजिस्टर पुन्हा मिळत नाही. कुणाला जन्मतारखेचा पुरावा हवा असतो, कुणाला जातीच्या दाखल्यासाठी आजोबांची १९६७ पूर्वीची नोंद हवी असते. दोन वर्षांपूर्वी ऑगस्टमध्ये एक आजी नातवाला घेऊन आल्या. रजिस्टर काढलं तर नेमकी ती पानं एकमेकांना चिकटलेली, कडेला काळी-हिरवी बुरशी. जोर लावला असता तर शाईसकट कागद सुटून आला असता. आम्ही त्यांना दिवाळीनंतर यायला सांगितलं. पानं वाळल्यावर हलक्या हाताने सुटली आणि नोंद मिळाली, पण नातवाच्या प्रवेशाची मुदत तोवर संपलेली होती.

त्या दिवशी शिक्षकांच्या खोलीत ठरलं की यंत्र आणायचं.

पहिली खरेदी, आणि ती का फसली

माजी विद्यार्थ्यांनी वर्गणी काढली. एकाने फोटो पाठवला, छोटंसं पांढरं यंत्र, दिसायला देखणं, आवाज नाही, किंमतही आटोक्यात. वर लिहिलेलं, 'खोलीतील ओलावा दूर करते'. आम्ही दोन मागवली. रात्रभर चालू ठेवली. सकाळी टाकीत जेमतेम पेलाभर पाणी. आठवड्याने बघतो तर आर्द्रता जिथल्या तिथे, पुस्तकांचा कुबट वासही तसाच.

यंत्रात बिघाड काहीच नव्हता. ती पेल्टियर पद्धतीची होती. त्यात वीज गेली की एक छोटी पट्टी एका बाजूने गार आणि दुसऱ्या बाजूने गरम होते, आणि गार बाजूवर थेंब जमतात. अशी यंत्रं दिवसाला पाव लिटर ते फार तर पाऊण लिटर पाणी काढतात. कपाटासाठी, कॅमेऱ्याच्या पेटीसाठी ती ठीक आहेत. आमच्या खोलीत दिवसाला किती पाणी शिरतंय याचा हिशेबच आम्ही केलेला नव्हता, आणि तो न करता यंत्र घेतलं, ही आमची चूक. विज्ञानाचा शिक्षक मीच असल्यामुळे त्यातला मोठा वाटा माझा.

मग नववी-दहावीच्या मुलांना घेऊन तो हिशेब करायचं ठरवलं. पुढचा सगळा पाठ तिथून सुरू होतो.

सादळलेला पापड आणि पाणी सुटलेलं मीठ

वर्गात मी सुरुवात एका शब्दाने केली, 'सादळणे'. पापड सादळतो, बिस्किटं सादळतात, आगपेटी सादळते. मुलांना विचारलं, पापडावर पाणी कुणी शिंपडलं? कुणीच नाही. मग तो नरम कशाने झाला? इथून हवेतलं न दिसणारं पाणी हा विषय आपोआप निघतो.

हवा किती बाष्प धरून ठेवू शकते हे तिच्या तापमानावर ठरतं. एक घनमीटर हवेत १० अंश सेल्सिअसला जास्तीत जास्त सुमारे ९.४ ग्रॅम बाष्प मावतं, २० अंशांना १७.३ ग्रॅम, २५ ला २३ ग्रॅम आणि ३० ला ३० ग्रॅमच्या थोडं वर. हे आकडे फळ्यावर लिहून मुलांना आलेख काढायला लावा. रेषा सरळ येत नाही, वर वळत जाते, आणि पुढची बरीचशी उत्तरं त्या वळणात आहेत.

जास्तीत जास्त जितकं मावेल त्यापैकी प्रत्यक्षात किती टक्के आहे, ती सापेक्ष आर्द्रता. जुलैत आमच्याकडे बाहेर २७ अंश आणि ९० टक्के हे नेहमीचं. २७ अंशांना सुमारे २५.८ ग्रॅम मावतं, त्याचे ९० टक्के म्हणजे २३.२ ग्रॅम. आता ही हवा तळघरात शिरली. मागची भिंत मातीत असल्यामुळे २४ अंशांवर आहे. २४ अंशांना मावतं २१.८ ग्रॅम. उरलेलं सव्वा-दीड ग्रॅम कुठे जाणार? भिंतीवर. याच कारणाने गार पाण्याच्या तांब्याला बाहेरून घाम फुटतो.

स्टीलचा पेला, थर्मामीटर आणि बर्फाचे खडे घेऊन हा प्रयोग करा. पेल्यातल्या पाण्यात एकेक खडा टाकत ढवळायचं आणि बाहेरून धूसर थर धरला की तापमान वाचायचं. तो दवबिंदू. जुलैत आमच्या मुलांना तो २५ च्या आसपास मिळाला, म्हणजे जवळपास बर्फ लागलाच नाही! मार्चमध्ये कोरड्या दुपारी हाच प्रयोग केला की बराच बर्फ घालावा लागतो. दोन्ही आकडे वहीत शेजारी लिहून ठेवायला सांगा.

आणि इथे एक गोष्ट कबूल करावी लागते. आमचे शिपाईमामा रोज सकाळी 'हवा खेळती राहू दे' म्हणून तळघराच्या दोन्ही खिडक्या उघडायचे. आम्हीच त्यांना तसं सांगितलेलं. हिवाळ्यात आणि उन्हाळ्यात ते बरोबरच आहे. पावसाळ्यात मात्र बाहेरची हवा आतल्या गार भिंतीपेक्षा जड ओलावा घेऊन येते, आणि खिडकी उघडणं म्हणजे रोज सकाळी खोलीला पाणी पाजणं. मुलांनी आलेखावरून हे दाखवलं तेव्हा मामा म्हणाले, "मग गुरुजी, इतकी वर्षं आपण भिजवतच होतो की!" होय, भिजवतच होतो.

आधी मोजा

आर्द्रता मोजायचं छोटं डिजिटल यंत्र पाचशे रुपयांच्या आत मिळतं. पण स्वस्त यंत्र खरं सांगतंय कशावरून? त्यासाठी मिठाचा एक छान प्रयोग आहे. बाटलीच्या झाकणात पाकिटातलं बारीक मीठ घ्या, त्यात थेंब थेंब पाणी टाकून ते ओल्या रव्यासारखं करा, विरघळवू नका. हे झाकण आणि आर्द्रतामापी एका घट्ट बंद होणाऱ्या प्लास्टिकच्या पिशवीत रात्रभर ठेवा. आतली आर्द्रता ७५ टक्क्यांवर येऊन स्थिरावते, कारण ओल्या मिठाशी तोल साधणारी हवा तेवढीच दमट असते. सकाळी यंत्राने ८० दाखवलं तर ते पाच टक्के जास्त दाखवतं, एवढं लक्षात ठेवायचं. आमचं चार टक्के जास्त दाखवत होतं.

याचाच दुसरा अर्थ असा की स्वयंपाकघरात साध्या मिठाला पाणी सुटलं, तर तिथली हवा ७५ टक्क्यांच्या वर गेली आहे. म्हणजे मिठाची बरणी हाच घरोघरचा आर्द्रतामापी! खडेमीठ मात्र आधीच ओलं होतं. त्यात मॅग्नेशियमचे क्षार असतात, ते आणखी कोरड्या हवेतूनही पाणी ओढतात. म्हणून प्रयोगाला खडेमीठ नको.

मुलांनी पाळ्या लावून तळघरात दिवसातून तीनदा नोंद केली. जुलैच्या दोन आठवड्यांत आकडा ८८ च्या खाली आलाच नाही. आर्द्रता बराच काळ सत्तरच्या वर राहिली की कागदावर, कातडी बांधणीवर, कापडावर बुरशी धरते. आम्हाला खोली ५५ ते ६० च्या दरम्यान आणायची होती. त्याहून खूप खाली नेऊन फायदा नाही, वीज जळते आणि फार कोरड्या हवेत जुना कागद ठिसूळ होतो.

पाणी येतंय कुठून?

यंत्र घेण्याआधीचा हा सर्वात महत्त्वाचा प्रश्न. याचं उत्तर हातभर प्लास्टिकने मिळतं. जाड पारदर्शक प्लास्टिकचा साधारण दीड फूट चौकोन भिंतीवर चारी बाजूंनी चिकटपट्टीने घट्ट लावायचा आणि दोन दिवस थांबायचं. थेंब प्लास्टिकच्या आतल्या बाजूला, म्हणजे भिंतीकडे जमले, तर पाणी भिंतीतून येतंय. बाहेरच्या, खोलीकडच्या बाजूला जमले, तर हवेतून. फरशीवरही हेच करता येतं.

आम्ही पाच ठिकाणी प्लास्टिक लावलं. समोरच्या आणि बाजूच्या भिंतींवर थेंब बाहेरून. मागच्या भिंतीवर मात्र आतून, तेही बदाबदा. फरशी त्या मानाने कोरडी.

मागच्या भिंतीमागे जाऊन पाहिलं, तर छपराची पन्हळ एका ठिकाणी फुटलेली आणि सगळं पाणी धारेने थेट भिंतीच्या पायाशी. शिवाय डोंगराकडून येणारं पाणी अडवायला जो चर होता, तो कधीचा माती आणि पाल्याने भरून गेलेला. जांभा सच्छिद्र, पाणी पितो आणि आत आणून सोडतो. अशा भिंतीसमोर कितीही मोठं यंत्र ठेवा, ते डोंगरच वाळवत बसेल.

गावातले गवंडीदादा आमच्या एका विद्यार्थिनीचे वडील. त्यांनी दोन रविवार दिले. चर उपसला, त्याला उतार दिला, पन्हळीचा तुकडा बदलला आणि पाणी नळीने लांब सोडलं. खर्च यंत्राच्या चौथ्या हिश्शाहूनही कमी आला. चार-पाच वर्षांपूर्वी याच भिंतीला आतून ऑइलपेंट मारलेला होता, 'ओल थांबेल' म्हणून. त्याला फोड येऊन पोपडे सुटले होते आणि मागे लोण्याची पांढरी भुकटी. तो खरवडून काढला. भिंतीत पाणी बाहेरून येतच असेल, तर आतला रंग ते थांबवत नाही, फक्त काही दिवस झाकून ठेवतो.

कपाटंही भिंतीपासून चार बोटं पुढे ओढली. मागे हवा फिरली नाही तर खोली कोरडी होऊनही कपाटाच्या पाठीवर बुरशी राहते.

आता हिशेब

हे गणित सातवीच्या वरची कुठलीही मुलं करू शकतात. खोली २० फूट लांब, १५ फूट रुंद, १० फूट उंच. ३००० घनफूट, म्हणजे ८५ घनमीटर. दर घनमीटरला २३.२ ग्रॅम धरले तर सबंध खोलीच्या हवेत पाणी किती? सुमारे २ लिटर. मुलं थक्क होतात. एवढी मोठी खोली आणि दोनच बाटल्या पाणी? त्यातून ५५ टक्क्यांवर आणायचं, तर घनमीटरमागे ९ ग्रॅम काढायचे, म्हणजे फक्त पाऊण लिटर.

मग एका हुशार मुलीने लगेच विचारलं, "सर, मग आपलं छोटं यंत्र एका दिवसात हे काम का करत नाही?" तिने प्रश्न नेमका जिथे यायला हवा तिथे आणला. खोलीतली हवा तीच राहत नाही. जुन्या लाकडी खिडक्यांच्या फटींतून, दाराखालून ती बदलत राहते. समजा दर दोन तासांनी एकदा पूर्ण बदलते. दिवसातून १२ वेळा पाऊण लिटर, म्हणजे रोज ९ लिटर. खिडक्या उघड्या असतील आणि तासाला पाच वेळा बदलत असेल, तर रोज ९० लिटर! घरगुती यंत्र एवढं काढूच शकत नाही. फटी बुजवून, दाराखाली रबरी पट्टी लावून ती चार तासांतून एकदा बदलेल असं केलं, तर रोज साडेचार लिटर.

म्हणून 'इतक्या चौरस फुटांच्या खोलीसाठी' असं खोक्यावर लिहिलेलं असतं, त्यावर फार विसंबू नका. खोलीचा आकार हा हिशेबाचा लहान भाग आहे. रोज नवीन पाणी किती शिरतं, त्यावर यंत्र ठरतं.

दुसरा वाटेकरी पुस्तकं. चार हजार पुस्तकं, प्रत्येकी पाव किलो धरलं तर एक टन कागद. दमट हवेत कागद बाष्प पिऊन बसतो. ९० टक्क्यांवरून ५५ वर येताना त्याने आपल्या वजनाच्या पाच टक्के जरी पाणी सोडलं, तरी ते ५० लिटर झालं. म्हणजे यंत्र लावल्यावर पहिले दोन-तीन आठवडे टाकी भरत राहणार आणि आर्द्रतेचा आकडा मात्र हळूहळू उतरणार. तेव्हा 'यंत्र बेकार आहे' म्हणून बंद करू नका. ते पुस्तकं वाळवतंय.

लेबलावरचे लिटर

आता खरी निवड. घरगुती यंत्रं मुख्यतः दोन जातींची. एक कॉम्प्रेसरची, म्हणजे फ्रीजचीच भावंडं. गार नळ्यांवरून हवा जाते, बाष्पाचे थेंब होतात, टाकीत पडतात. दुसरी शोषक चाकाची. तिच्यात ओलावा शोषणारं चाक फिरतं आणि गरम हवेने पुन्हा वाळवलं जातं. १५ अंशांच्या खाली कॉम्प्रेसरच्या नळ्यांवर बर्फ धरू लागतो आणि त्याचं काम मंदावतं, तिथे शोषक चाक उजवं ठरतं, पण ते वीज जास्त खातं. कोकणातली खोली पावसाळ्यात २४ ते २८ अंशांवर असते, म्हणून आमच्यासाठी कॉम्प्रेसर. महाबळेश्वरसारख्या गार ठिकाणच्या तळघरासाठी मात्र यंत्र किती अंशांपर्यंत चालतं आणि बर्फ आपोआप वितळवतं का, हे विचारून घ्या.

लेबलावर 'दिवसाला २० लिटर' असं लिहिलेलं असतं. कुठल्या हवेत? आपल्याकडे मिळणाऱ्या बऱ्याच यंत्रांचा आकडा ३० अंश आणि ८० टक्क्यांवर मोजलेला असतो, आणि तो बारीक अक्षरात कुठेतरी लिहिलेला असतो. हवा जशी कोरडी होत जाते तसं यंत्राला पाणी कमी मिळतं. २७ अंश आणि ६० टक्क्यांवर तेच यंत्र साधारण निम्म्यावर येतं. २० चे १० झाले. आपल्याला खोली ज्या आकड्यावर ठेवायची आहे, तिथला आकडा महत्त्वाचा.

आमचा एक माजी विद्यार्थी न्यू जर्सीत राहतो. तिकडे बऱ्याच घरांखाली बेसमेंट असतं आणि उन्हाळ्यात डीह्युमिडिफायरही अनेक घरांत. तो म्हणाला, "सर, ७० पाइंटचं घ्या, मी येताना आणतो." एक अमेरिकी पाइंट म्हणजे सुमारे ४७३ मिलिलिटर, म्हणून ७० पाइंटचे ३३ लिटर. पण तिथे २०१९ मध्ये मोजणीचा नियमच बदलला. आधी हवा ८० अंश फॅरनहाइटला ठेवून मोजायचे, आता ६५ अंशांना, म्हणजे २६.७ ऐवजी १८.३ सेल्सिअस, कारण खरं बेसमेंट तेवढं गार असतं. आर्द्रता दोन्ही वेळी ६० टक्के. परिणाम असा, की काल ७० पाइंटचं म्हणून विकलं जाणारं यंत्र आज साधारण ५० पाइंटचं ठरतं. यंत्र तेच, फक्त पट्टी बदलली. एकक आणि परिस्थिती सांगितल्याशिवाय आकड्याला अर्थ नाही, हे आपण मुलांना ओरडून सांगतो. इथे ते खोक्यावर छापलेलं सापडतं. (आणि तिकडचं यंत्र आणू नका. ते ११५ व्होल्टच्या आसपास, ६० हर्ट्झवर चालतं. आपल्याकडे २३० व्होल्ट, ५० हर्ट्झ.)

आमचा हिशेब असा बसला : हवेतून साडेचार लिटर, भिंतीतून अजून येणारं थोडं, पुस्तकांचं सुरुवातीचं. रोज आठ-दहा लिटरची तयारी हवी. म्हणून लेबलावर २० ते २५ लिटर लिहिलेलं, कॉम्प्रेसरचं यंत्र.

क्षमतेच्या जोडीने आणखी एक गोष्ट दुकानात विचारलीच पाहिजे, आणि ती फार कमी जण विचारतात. वीज गेली आणि परत आली तर यंत्र आपणहून सुरू होतं का? पावसाळ्यात दिवसातून चारदा वीज जाणाऱ्या गावात याला फार किंमत आहे. आम्ही पाहिलेल्या एका यंत्रात प्रत्येक वेळी बटण दाबावं लागत होतं. शनिवारी दुपारी वीज गेली असती तर सोमवारपर्यंत ते गप्प बसलं असतं. तसंच पाणी काढायची नळी लावायची सोय आहे का, तेही बघा. टाकी भरली की यंत्र थांबतं, आणि सुट्टीत टाकी ओतायला कोण येणार? नळीला यंत्रापासून बाहेरपर्यंत सतत उतार हवा. आमची खोली पुढच्या बाजूने जमिनीला समतल असल्यामुळे, यंत्र टेबलावर ठेवून नळी बाहेर काढता आली. खरं खोल तळघर असेल तर पाणी वर चढवणारा पंप लागेल.

विजेचं गणितही मुलांनी केलं. यंत्र ३६० वॅटचं, दिवसाला सरासरी १२ तास चाललं तर ४.३ युनिट, महिन्याला १३० युनिट. युनिटला आठ रुपये धरले तर हजाराच्या थोडं वर. चार महिन्यांचे चार-साडेचार हजार. मुख्याध्यापक बाईंना हा आकडा आधीच दिला, म्हणून नंतर वीजबिल बघून कुणी यंत्र बंद केलं नाही.

एका मुलाला वेगळीच शंका होती. यंत्र फ्रीजसारखं, तर खोली गार व्हायला हवी, ती गरम का होते? कारण बाष्पाचं पाणी होताना अप्रकट उष्मा बाहेर पडतो, एका लिटरमागे जवळपास पाऊण युनिट विजेइतका. शिवाय यंत्राने खाल्लेली वीजही शेवटी उष्णताच. एसी ही उष्णता बाहेर फेकतो, हे यंत्र आतच सोडतं. खोली एक-दोन अंश तापते, आणि त्यानेही सापेक्ष आर्द्रता थोडी उतरते. कपाटात बल्ब लावून ठेवायची आपल्याकडची जुनी युक्तीही यावरच चालायची, पाणी न काढता नुसतं तापमान वाढवून. कागदाच्या कपाटात मात्र ती करू नका, आग लागते.

साठलेलं पाणी इन्व्हर्टरच्या बॅटरीत घालू का, असंही विचारलं गेलं. नको. ते ऊर्ध्वपातित पाण्यासारखं दिसतं, पण त्यात धूळ आणि नळ्यांच्या धातूचे अंश येतात. प्यायलाही नको. फरशी पुसायला, बागेला चालेल.

पुण्या-मुंबईच्या पालकांनी विचारण्याआधीच सांगतो : बंद फ्लॅटमध्ये पावसाळ्यात कपडे खोलीत वाळत घातले, तर बादलीभर ओल्या कपड्यांतलं लिटर-दोन लिटर पाणी रात्रीत त्याच हवेत जातं. ते एका खोलीत, दार लावून, यंत्रासोबत वाळवा. एसीचा 'ड्राय' मोड असेल तर आधी तो वापरून बघा, वेगळं यंत्र लागणारही नाही.

रजिस्टरांचं वेगळं

जनरल रजिस्टरं मात्र आम्ही यंत्राच्या भरवशावर ठेवली नाहीत. यंत्र बिघडू शकतं, वीज आठवडाभर जाऊ शकते. मे महिन्यात, कागद पूर्ण कोरडा असताना, ती घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या पेट्यांत ठेवली. सोबत कापडी पिशवीत नारिंगी सिलिका जेल, आणि बाहेरून आकडा वाचता यावा असा आर्द्रतामापी. जेलचा रंग उतरला की ते बदलायचं किंवा ओव्हनमध्ये वाळवून पुन्हा वापरायचं. निळं जेल घेऊ नका, त्यातलं कोबाल्ट क्लोराइड विषारी असतं. आणि ओलसर रजिस्टर अशा पेटीत कधीच बंद करू नका, बुरशीला त्याहून चांगलं घर मिळणार नाही. बाजारात कॅल्शियम क्लोराइडचे डबे मिळतात, ते ओल पिऊन पाणी साठवतात. कपड्यांच्या कपाटात ठीक, पण सांडलं तर कागद आणि धातू दोन्ही खराब करतं, म्हणून दप्तराजवळ ठेवलं नाही.

यंदा ऑगस्टमध्ये तळघराचा आकडा बहुतेक दिवस ५८ ते ६३ मध्ये होता. खिडक्यांवर मुलांनी पाटी लावली, 'जून ते सप्टेंबर उघडू नये'. जाळीचा फिल्टर दर शनिवारी आठवीची मुलं धुतात. सप्टेंबरमध्ये एकदा आकडा अचानक ७४ वर गेला. यंत्र ठीक होतं. मुलांनी नोंदवही बघितली, मागे जाऊन पाहिलं, तर चरात नारळाची झावळ पडून पाणी तुंबलं होतं.

ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात बाहेरची दुपारची आर्द्रता साठच्या खाली आली, तेव्हा यंत्र बंद करून टाकी कोरडी पुसली आणि मामांनी खिडक्या उघडल्या. तेही आता आधी आकडा बघतात.